स्लो कुकरमधला बोर्श: राजमा आधी, आंबट शेवटी

स्लो कुकरमध्ये बोर्श, म्हणजे युक्रेनी पद्धतीचं बिटाचं सूप केलं की दोन तक्रारी हमखास ऐकू येतात. एक, रंग विटकरी होतो. दुसरी, सहा तास शिजूनही बटाटा मधोमध कचकचीत राहतो. दोन्हींचं मूळ एकच आहे: आंबट कधी घातलं. बिटाच्या रंगाला आंबट सुरुवातीपासून हवं असतं आणि बटाट्याला ते शेवटपर्यंत नको असतं. दोघांना एकाच वेळी एका भांड्यात टाकलं की एक तरी बिघडणारच.

युक्रेनी स्वयंपाकघरात यावरचा उपाय फार जुना आहे. तिथे बोर्शचं बीट बहुतेक घरांत वेगळं, थोड्या आंबटात वाफवतात आणि बटाटा मऊ झाल्यावरच मोठ्या भांड्यात सोडतात. स्लो कुकरमध्येही हेच करायचं. ‘सगळं टाका, झाकण लावा आणि विसरा’ ही पद्धत बोर्शला चालत नाही.

मांस आणि दूध नसलेला बोर्श ही अलीकडची सोय नव्हे. युक्रेनमध्ये उपवासाचा बोर्श हा स्वतंत्र, मानाचा प्रकार आहे. नाताळच्या आदल्या संध्याकाळी, ‘स्व्याती वेचिर’ला, परंपरेने बारा पदार्थ मांडतात. त्यांत मांस नसतं आणि दूधदुभतंही नसतं. तिथला बोर्श वाळवलेल्या रानअळिंब्यांच्या पाण्यावर उभा राहतो. देशाच्या पश्चिम भागात त्यात अळिंबी भरलेल्या, कानाच्या आकाराच्या छोट्या ‘वुश्का’ सोडतात, तर इतरत्र घेवड्याच्या जातीचं कडधान्य घालतात. युनेस्कोने 1 जुलै 2022 रोजी युक्रेनी बोर्शची पाकसंस्कृती तातडीने जतन करायच्या अमूर्त वारशाच्या यादीत घेतली. खाली दिलेला बोर्श या उपवासाच्या घराण्यातला आहे: अळिंबी, राजमा आणि सूर्यफुलाचं तेल.

साडेचार-पाच लिटरच्या कुकरसाठी, सहा जणांना पुरेल असं प्रमाण. बीट 500 ग्रॅम (मध्यम तीन), बटाटे 300 ग्रॅम, कोबी 250 ग्रॅम, गाजर 150 ग्रॅम, कांदे दोन मध्यम, कोरडा राजमा 150 ग्रॅम, वाळवलेली अळिंबी 20 ग्रॅम, टोमॅटो पेस्ट 2 मोठे चमचे, साधं पांढरं व्हिनेगर 2 मोठे चमचे, साखर 1 छोटा चमचा, तेल 3 मोठे चमचे, लसूण 5 पाकळ्या, काळी मिरी 8-10 दाणे, मीठ अंदाजे 2 छोटे चमचे आणि शेपूची एक छोटी जुडी. पाणी अळिंबीच्या पाण्यासकट दीड लिटर, त्याहून जास्त नको. स्लो कुकरच्या झाकणाखालून वाफ फारशी जात नाही, त्यामुळे गॅसवरच्या सूपइतकं पाणी घेतलं तर शेवटी पाणचट रस्सा हाती येतो.

शेपूला पर्याय शोधू नका. आपल्याकडे मुगाची डाळ घालून करतात तीच ही भाजी, आणि बोर्शचा शेवटचा वास तिचाच असतो. कोथिंबीर घातली की चव भलतीकडेच जाते. तमालपत्राचं मात्र उलट आहे. युरोपातलं ‘लॉरेल’चं पान वेगळ्या झाडाचं असतं, आणि आपल्या तमालपत्राला दालचिनीसारखा वास असतो. लॉरेलचं पान मिळालं तर एक घाला, नाहीतर काहीच घालू नका.

आता राजमा. इथे चूक झाली तर प्रश्न चवीपुरता राहत नाही. कच्च्या राजम्यात फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं द्रव्य असतं. त्याने काही तासांत जोराच्या उलट्या आणि जुलाब होतात. ते नष्ट व्हायला खळखळती उकळी लागते. स्लो कुकर ‘लो’वर असताना आतलं तापमान बराच काळ उकळीच्या खाली राहतं, म्हणून भिजवलेला कच्चा राजमा थेट त्यात कधीही टाकू नये. दाणा मऊ लागला म्हणजे तो निर्धोक झाला, असंही नाही. राजमा रात्रभर भिजवा, भिजवलेलं पाणी फेका, ताजं पाणी घालून प्रेशर कुकरमध्ये तीन-चार शिट्ट्या करा आणि मग पाच मिनिटं मंद आचेवर ठेवा. दाणा बोटांत दाबला तर चेपला पाहिजे, पण साल फुटता कामा नये. प्रेशर कुकर नसेल तर उघड्या पातेल्यात अर्धा तास खळखळून उकळा आणि मग आच कमी करून पूर्ण शिजवा. बोअरचं जड पाणी असेल तर दाणा हट्टीपणा करतो, तेव्हा पिण्याचं गाळलेलं पाणी वापरा.

अळिंबी 300 मिलिलिटर गरम पाण्यात अर्धा तास भिजवा. ती अलगद उचलून घ्या आणि पाणी सुती कापडातून गाळा. तळाशी बारीक वाळू बसते, ती बोर्शमध्ये गेली तर प्रत्येक घासाला दाताखाली येते. हे तपकिरी पाणी म्हणजे या सूपचा कणा आहे, ते ओतून देऊ नका. युक्रेनी रानअळिंबी मिळाली नाही तर वाळवलेली शिताके चालते. ताज्या बटण मशरूमने ती खोली येत नाही.

कुकर ‘हाय’वर लावून दहा मिनिटं गरम होऊ द्या. थंड सिरॅमिकच्या भांड्यात एकदम उकळतं पाणी ओतलं तर भांड्याला तडा जाऊ शकतो. मग बटाट्याच्या अडीच सेंटिमीटरच्या फोडी अगदी तळाशी आणि कडेला लावा. या भांड्यात कंदांना मांसापेक्षाही जास्त वेळ लागतो आणि उष्णता भिंतींतून येते, म्हणून सर्वांत कठीण भाजीला भिंतीजवळची जागा द्यायची. त्यावर अर्धं गाजर, शिजलेला राजमा, चिरलेली अळिंबी, मिरी आणि दीड चमचा मीठ. अळिंबीचं पाणी आणि 1.2 लिटर गरम पाणी ओता. टोमॅटो नाही, व्हिनेगर नाही, लिंबू नाही. भाजीच्या पेशींना धरून ठेवणारं पेक्टिन आंबटात विरघळत नाही, म्हणून आधी आंबट पडलेला बटाटा तासन्तास शिजूनही आतून टणक राहतो.

‘हाय’वर अडीच तास झाले की बटाट्याला सुरी लावून पाहा. त्याआधी झाकण उघडू नका. एकदा उघडलं की गेलेली उष्णता परत भरायला कुकरला वीस-पंचवीस मिनिटं सहज लागतात. सुरी आरपार गेली की बारीक चिरलेला कोबी घाला. कोबी सुरुवातीपासून टाकला तर पाच तासांनी घरभर गंधकासारखा वास सुटतो आणि सूपही तसंच लागतं.

कोबी शिजत असताना गॅसवर बीट करा. साल जाड काढा, कारण बिटाचा मातकट वास ज्या जिओस्मिनमुळे येतो ते सालीजवळ जास्त असतं. पहिल्या पावसात तापल्या जमिनीतून उठतो तो वास याच द्रव्याचा. अंगणात हवाहवासा वाटतो, पण सूपमध्ये थोडाच बरा. आंबट घातलं की तो बराच कमी होतो. आपल्या बिटाच्या कोशिंबिरीत दही किंवा लिंबू पडतं, तेही हेच काम करतं.

बिटाच्या आगपेटीच्या काडीएवढ्या काड्या करा. किसलं तर लवकर शिजतं, पण शेवटी लगदा होतो. कढईत तेल तापवून कांदा आणि उरलेलं गाजर मऊ होईपर्यंत परता. तांबूस करायचं नाही. मग बीट, लगेच दीड चमचा व्हिनेगर आणि साखर घाला. आंबट पडताच रंग बदलतो, तो नीट बघण्यासारखा असतो: काड्यांच्या कडांवर आलेला मळकट जांभळा रंग मागे सरतो आणि उजळ किरमिजी वर येतो. झाकण ठेवून मंद आचेवर पंधरा मिनिटं वाफवा. कोरडं वाटलं तर कुकरमधला एक डाव रस्सा घाला. मग टोमॅटो पेस्ट घालून आणखी पाच मिनिटं. काडी चावली तर मऊ लागावी, पण मोडू नये. उष्णता आणि हवा लागून बिटाचा रंग मोडत जातो, म्हणूनच बीट सहा तास कुकरमध्ये ठेवलं की सूप विटकरी दिसतं.

कोबी घालून तासभर झाला की हे गरम मिश्रण कुकरमध्ये सोडा आणि ‘हाय’वर अर्धा तास, फार तर चाळीस मिनिटं ठेवा. लसूण चिमूटभर मीठ आणि शेपूच्या कोवळ्या देठांसोबत खलबत्त्यात ठेचा. कुकर बंद करून हे वाटण, शेपूची पानं आणि उरलेलं अर्धा चमचा व्हिनेगर घाला. झाकून वीस मिनिटं ठेवा. चव आंबट-गोड-खारट अशी तिन्ही बाजूंनी लागली पाहिजे. एक बाजू दबली असेल तर मीठ, साखर, व्हिनेगर याच क्रमाने आणि थोडं थोडं घाला.

दिवसभर बाहेर असाल तर पहिला टप्पा ‘लो’वर सात तास चालतो. बीट आदल्या रात्री वाफवून फ्रिजमध्ये ठेवा. घरी आल्यावर ‘हाय’ करून कोबी टाका आणि तासाभराने बीट गरम करून घाला. थंडगार बीट टाकलं तर कुकर पुन्हा तापण्यातच वेळ जातो. काही मल्टिकुकरांचं ‘स्लो’ बटण फक्त तळातून तापवतं, त्यात बटाट्याला बराच जास्त वेळ लागतो. अमेरिकेतून आणलेला 120 व्होल्टचा स्लो कुकर भारतात थेट सॉकेटला लावू नका. आपल्या 230 व्होल्टवर तो जळतो.

व्हिनेगरपेक्षा सरस आंबट म्हणजे बिटाचा ‘क्वास’. अर्धा किलो बिटाच्या फोडी, एक लिटर पाणी आणि वीस ग्रॅम मीठ बरणीत घाला. फोडी पाण्याखाली दाबून, वर कापड बांधून चार-सहा दिवस ठेवा. उत्तरेकडच्या गाजराच्या कांजीचा हा सख्खा भाऊ. फोड पाण्यावर तरंगली तर बुरशी धरते. व्हिनेगरऐवजी यातला थोडा बिटाबरोबर आणि 150 मिलिलिटर अगदी शेवटी घाला. उकळला तर त्याचा ताजेपणा जातो.

वाढताना एरवी आंबट साय, म्हणजे ‘स्मेताना’ घालतात. तिच्या जागी 60 ग्रॅम काजू गरम पाण्यात दोन तास भिजवून, एक मोठा चमचा लिंबूरस आणि पाव वाटी पाण्यासोबत अगदी गुळगुळीत वाटा. हे वाटण वाडग्यात घाला, कुकरमध्ये नको. तिथे रस्सा दाट होतो आणि सगळा बोर्श गुलाबी गोळ्यासारखा दिसतो. सोबत लसूण-तेल लावलेले मऊ पाव, ‘पाम्पुश्की’, किंवा राय या धान्याचा ब्रेड.

उरलेला बोर्श सिरॅमिकच्या भांड्यात तसाच ठेवू नका, ते फार हळू निवतं. दोन-तीन उथळ भांड्यांत काढून दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवा. तीन दिवस टिकतो. दुसऱ्या दिवशी चव मुरलेली असते, आणि थंडीत बिटाचा मोडलेला रंग थोडाफार परतही जमतो. गरम मात्र गॅसवर करा, हवा तेवढाच, आणि पहिली उकळी दिसताच उतरवा.