११८ जीबीचा गेम पुन्हा डाउनलोड न करता दुसऱ्या ड्राइव्हवर नेताना आलेला माझा अनुभव

गेम अनइन्स्टॉल करून नव्या ड्राइव्हवर पुन्हा इन्स्टॉल करावा, असे उत्तर माझ्या गेमच्या लाँचरच्या (म्हणजे गेम उतरवून घेण्याच्या आणि सुरू करण्याच्या ॲपच्या) सपोर्टकडून मला तिसऱ्यांदा आले, तेव्हा ठाण्यात आमच्या घरी बुधवारी रात्रीचे साडेदहा वाजले होते. ज्या ११८ जीबीच्या फाइल्स मी इंटरनेटवरून पुन्हा उतरवून घ्याव्यात असे ते सांगत होते, त्या सगळ्या माझ्यासमोरच्या लॅपटॉपमध्ये, मला हव्या त्याच ड्राइव्हवर, जशाच्या तशा पडून होत्या. हे मी त्यांना दोनदा सविस्तर लिहिले होते, स्क्रीनशॉटही जोडले होते. तरीही मजकुरात एका शब्दाचा फरक न पडता तेच उत्तर येत राहिले. त्या दहा दिवसांचा राग अजून पूर्ण गेलेला नाही आणि माझ्यासारखे आणखी कोणी त्याच जागी अडकू नये, म्हणून हे लिहीत आहे.

माझ्या लॅपटॉपमध्ये साठवणुकीसाठी ५१२ जीबीची एसएसडी आहे, जी विंडोजमध्ये ४७६ जीबी दिसते. ऑफिसचे काम, फोटो आणि चार मोठे गेम यांनी ती इतकी भरली की ११ जीबी जागा उरली आणि विंडोजचे अपडेटही जागेअभावी अडू लागले. लॅपटॉपमध्ये एम डॉट टू प्रकारचा (पट्टीसारखी एसएसडी बसवण्याचा) दुसरा स्लॉट रिकामा आहे हे मला माहीत होते, म्हणून एका शनिवारी दादरला गाडी बदलून ग्रँट रोडला उतरले आणि लॅमिंग्टन रोड गाठला. दुकानदाराने ड्राइव्ह काढण्याआधी विचारले, "मॅडम, मॉडेल नंबर दाखवा, आधी स्लॉट साटाचा आहे की एनव्हीएमईचा ते बघू." हा प्रश्न फार मोलाचा होता, कारण साटा आणि एनव्हीएमई या एसएसडी जोडण्याच्या दोन वेगळ्या पद्धती आहेत. दोन्ही प्रकारच्या पट्ट्या दिसायला जवळपास सारख्या असतात, पण सगळेच स्लॉट दोन्ही प्रकार चालवून घेत नाहीत. साटाची एसएसडी सेकंदाला साधारण ५५० एमबीच्या पुढे जात नाही, तर तिसऱ्या पिढीची चांगली एनव्हीएमई ३,५०० एमबीपर्यंत जाते. मी १ टीबीची एनव्हीएमई घेतली.

बसवताना एकच अडचण आली. पट्टी स्लॉटमध्ये तिरकी सरकवावी लागते आणि सोडली की तिचे मागचे टोक वर उचललेलेच राहते. ते बोटाने खाली दाबून तांदळाच्या दाण्याएवढ्या स्क्रूने बसवायचे असते. तो स्क्रू लॅपटॉपमध्येही नव्हता आणि ड्राइव्हच्या डब्यातही नव्हता. शेवटी गोखले रोडवरच्या एका लॅपटॉप दुरुस्ती करणाऱ्याने स्वतःकडच्या डबीतून एक शोधून दिला आणि पैसेही घेतले नाहीत. तेव्हा ड्राइव्ह घेतानाच दुकानात स्क्रूही मागून घ्यावा.

नवा ड्राइव्ह लावल्यावर 'धिस पीसी'मध्ये काहीच दिसत नाही, त्याने घाबरू नये. विंडोजमधले डिस्क मॅनेजमेंट उघडून तो जीपीटी या विभागणीच्या पद्धतीने सुरू करावा, एनटीएफएस या फाइल-रचनेत फॉरमॅट करावा आणि त्याला एक अक्षर द्यावे. मी 'जी' दिले. हे अक्षर पुढे बदलू नये, कारण गेम कुठे आहे याची लाँचरमधली नोंद त्या अक्षरासकट असते. ड्राइव्ह ९३१ जीबी दिसू लागल्यावर माझ्या सासूबाईंनी, "अगं, बाकीचे कुठे गेले?" असे विचारले. दुकानदाराने फसवलेले नसते. कंपनी १ टीबी म्हणजे एक लाख कोटी बाइट मोजते आणि विंडोज तेच बाइट १,०२४च्या पटीने मोजते, एवढाच तो फरक आहे.

स्टीम या लाँचरवरचे तीन गेम, एकूण १४३ जीबी, हलवायला मला जवळजवळ काहीच करावे लागले नाही. सेटिंगमध्ये स्टोरेज उघडले, नवा ड्राइव्ह जोडला, तिन्ही गेमवर खूण केली आणि 'मूव्ह' दाबले. चहा होईपर्यंत पहिला गेम गेला होता.

चौथा गेम मात्र दुसऱ्या लाँचरवरचा होता आणि त्या लाँचरमध्ये गेम हलवण्याचे बटण मला कुठेही सापडले नाही. विंडोजच्या सेटिंगमध्ये ॲप हलवण्याचा पर्याय दिसतो खरा, परंतु तो विंडोजच्या स्वतःच्या स्टोअरमधून घेतलेल्या ॲपसाठी आहे, अशा गेमसाठी नाही. म्हणून मी रविवारी सकाळी गेमचे पूर्ण फोल्डर 'सी'वरून 'जी'वर 'तात्पुरते' या नावाच्या फोल्डरमध्ये कॉपी केले, लाँचरमधून गेम अनइन्स्टॉल केला आणि पुन्हा इन्स्टॉल करताना जागा म्हणून तेच फोल्डर दाखवले. लाँचरने लाल अक्षरांत सांगितले की फोल्डर रिकामे असले पाहिजे. फोल्डर रिकामे असेल तर त्यात गेम कुठून असणार, हा माझा साधा प्रश्न होता आणि तोच लिहून मी सपोर्टकडे तक्रारीचे तिकीट नोंदवले.

पहिले उत्तर मंगळवारी रात्री आले, दुसरे शुक्रवारी आणि तिसरे त्यापुढच्या बुधवारी. तिन्हींचा अर्थ एकच होता, की पुन्हा डाउनलोड करा. तिसऱ्यात फक्त लाँचरची कॅश (तात्पुरत्या साठवलेल्या फाइल्स) साफ करण्याची भर होती. आमच्या घरचे इंटरनेट ६० एमबीपीएसचे, म्हणजे सेकंदाला साडेसात एमबीचे, आहे. त्या वेगाने ११८ जीबी उतरायला हिशेबाने साडेचार तासांच्या आसपास लागतात. पण आमच्याकडे संध्याकाळी वेग निम्म्यावर येतो आणि दिवसा माझ्या यजमानांच्या ऑफिसच्या मीटिंग घरूनच चालतात, त्यामुळे प्रत्यक्षात हे रात्रभराचे काम होते. तेही कदाचित मी केले असते. मला खटकत होते ते हे की, जे सामान घरात आहे तेच पुन्हा बाजारातून आणा, असे मला सांगितले जात होते आणि माझे पत्र कोणी वाचले असल्याची एकही खूण त्या उत्तरांत नव्हती. गेम अनइन्स्टॉल केलेला असल्यामुळे हे दहाही दिवस तो बंदच होता.

गुरुवारी मी स्वतःच एक युक्ती करून पाहिली आणि ती अर्धवट माहितीवर केली. 'जी'वर एका नव्या, रिकाम्या फोल्डरमध्ये इन्स्टॉल सुरू केले, दोन टक्के झाल्यावर पॉज केले, 'तात्पुरते'मधल्या सगळ्या फाइल्स त्या फोल्डरमध्ये कॉपी केल्या आणि पुन्हा 'रिझ्यूम' दाबले. लाँचर फाइल्स तपासेल, अशी माझी अपेक्षा होती. त्याने काहीही न तपासता तिसरा टक्का डाउनलोड करायला घेतला. मी घाईने 'कॅन्सल' दाबले आणि पुढच्याच क्षणी ते संपूर्ण फोल्डर रिकामे झाले. अर्धवट डाउनलोडसोबत मी कॉपी केलेले ११८ जीबीही त्याने पुसून टाकले होते आणि रिसायकल बिनमध्येही काही नव्हते. मी फाइल्स 'कट' न करता 'कॉपी' केल्या होत्या, एवढ्यामुळेच 'तात्पुरते'मधली मूळ प्रत वाचली. या सगळ्या लिखाणातले एकच वाक्य लक्षात ठेवायचे असेल तर हे ठेवावे: गेम दुसऱ्या ड्राइव्हवर सुरू होऊन प्रत्यक्ष खेळून पाहीपर्यंत मूळ प्रतीला हात लावू नये.

शनिवारी माझा धाकटा भाऊ नेरूळहून आला. त्याने माझे सगळे ऐकून घेतले आणि म्हणाला, "ताई, तू सगळं बरोबर केलंस, फक्त लाँचर बंद केला नाहीस. चालू असताना तो डिस्ककडे बघतच नाही, स्वतःच्या हिशेबावर चालतो. आणि कॅन्सल कधीच दाबायचं नाही, फक्त पॉज." मला ते घर बदलण्यासारखे वाटले. पूर्वी सामान नव्या घरात पोहोचले तरी रेशनकार्डावर जुनाच पत्ता असेल तर दुकानदार धान्य देत नसे. इथेही सामान माझ्याकडे होते, पण नोंद बदलली नव्हती. फोल्डर रिकामे असण्याची ती अट नव्या नोंदीसाठी होती आणि नोंद झाल्यावर फोल्डरमध्ये काय आहे हे लाँचर नव्याने पाहील, अशी वेळ आपण आणायची होती.

आम्ही पुन्हा सुरुवात केली. 'जी'वर रिकामे फोल्डर निवडून इन्स्टॉल सुरू केले आणि दोन टक्क्यांवर पॉज केले. मग खिडकीची फुली दाबून न थांबता, खाली घड्याळाशेजारच्या लहान चिन्हांमध्ये लाँचरवर उजवे क्लिक करून तो पूर्ण बंद केला. भावाने टास्क मॅनेजर उघडून लाँचरचे काही मागे चालू राहिले नाही ना, हे पाहिले. एक भाग होता, तोही बंद केला. मग 'तात्पुरते'मधल्या फाइल्स कॉपी केल्या आणि विंडोजने विचारल्यावर असलेल्या फाइल्सवर नव्या घालण्यास होकार दिला. इथे एक चूक सहज होते, जी माझ्याकडून होता होता राहिली. गेमच्या फोल्डरमध्ये गेमचे फोल्डरच टाकले जाते, आणि मग एकाच नावाची दोन फोल्डरे एकात एक बसून लाँचरला काहीच सापडत नाही. कॉपी करायचे ते फोल्डर नव्हे, त्याच्या आतले सगळे.

कॉपीचा वेग सुरुवातीला सेकंदाला एक जीबीच्या वर होता आणि अंदाजे चाळीस जीबी झाल्यावर एकदम शंभर एमबीच्या आसपास कोसळला. रविवारीही हे झाले होते आणि तेव्हा ड्राइव्ह खराब निघाला असे मला वाटले होते. भावाने सांगितले की माझ्या ड्राइव्हसारख्या अनेक ड्राइव्हमध्ये थोडा भाग वेगाने लिहिण्यासाठी राखलेला असतो. तो भरला की पुढचे लिखाण ड्राइव्हच्या मूळ संथ वेगाने होते. गेम खेळताना मुख्यतः वाचनच होत असल्याने तिथे याचा त्रास होत नाही. संपूर्ण कॉपी पंधरा मिनिटांत झाली.

मग लाँचर उघडला आणि 'रिझ्यूम' दाबले. पट्टीवर डाउनलोडऐवजी तपासणीचा शब्द आला आणि आकडा शून्यावरच थांबला. पहिली चार मिनिटे तो हलला नाही. माझा हात दोनदा माउसकडे गेला आणि दोन्ही वेळा भावाने, "थांब ग," म्हणून अडवले. पाचव्या मिनिटाला तीन टक्के झाले, मग अकरा, मग चाळीस. तपासणी संपल्यावर लाँचरने फक्त ६४० एमबी डाउनलोड केले, मधल्या दिवसांत आलेल्या एका लहान अपडेटचे, आणि 'खेळा'चे बटण हिरवे झाले. त्या क्षणी मला जो आनंद झाला, तो ६४० हा आकडा पाहून झाला. ११८ जीबीऐवजी ६४० एमबी लागले. म्हणजे मी सपोर्टला पहिल्या दिवसापासून जे लिहीत होते, ते शब्दशः खरे होते.

आधी सांगायला हवे होते ते आता आठवले म्हणून लिहिते. अनइन्स्टॉल करण्यापूर्वी गेमचे सेव्ह (आपण कुठवर खेळलो ते साठवणाऱ्या फाइल्स) शोधून वेगळे ठेवावेत. ते बहुधा गेमच्या फोल्डरमध्ये नसतात. 'डॉक्युमेंट्स'मधल्या 'माय गेम्स'मध्ये, 'सेव्ह्ड गेम्स'मध्ये किंवा लपलेल्या 'ॲपडेटा'मध्ये असतात, म्हणजेच गेम 'जी'वर गेला तरी सेव्ह 'सी'वरच राहतात, आणि तसे राहिले तरी गेमला ते सापडतात. माझे १४० तासांचे खेळणे त्यात होते, म्हणून मी ते पेनड्राइव्हवरही घेतले होते. दुसरे म्हणजे, कॉपी चालू असताना लॅपटॉप चार्जरला लावलेला असावा आणि स्लीपची वेळ 'कधीच नाही' केलेली असावी. आमच्याकडे त्या शनिवारी दुपारी वीज गेली होती आणि बॅटरी भरलेली नसती तर कॉपी मध्येच तुटली असती. तिसरे, गेम जुन्या बाहेरच्या हार्डडिस्कवर नेण्याचा विचार कोणी करत असेल तर करू नये. माझ्याकडे तशी एक आहे, तिच्यावर मी पूर्वी एक गेम ठेवला होता आणि दर वेळी नकाशा उघडायला दीड-दोन मिनिटे लागत. जुने, लहान गेम तिथे ठेवायला हरकत नाही.

'तात्पुरते' फोल्डर मी आणखी आठ दिवस ठेवले, रोज थोडे खेळून पाहिले आणि मगच पुसले. 'सी'वर आता २७२ जीबी जागा मोकळी आहे आणि अडलेले अपडेटही झाले. सपोर्टचे तिकीट मी बंद केले नाही. वर लिहिलेल्या सगळ्या पायऱ्या क्रमाने लिहून, ६४० एमबीच्या स्क्रीनशॉटसह त्याच तिकिटात पाठवल्या आहेत आणि पुढच्या माणसाला डाउनलोड करा असे सांगण्याआधी त्या वाचाव्यात, अशी विनंती केली आहे.