आवाजाविना उठाव: १९२७ चा ‘डी वेबर’

जर्मन नाटककार गेरहार्ट हाउप्टमान यांच्या ‘डी वेबर’, म्हणजे ‘विणकर’, या नाटकावर फ्रीडरिख झेलनिक यांनी १९२७ मध्ये काढलेला मूकपट मराठवाड्यातल्या प्रेक्षकाला फारसा परका वाटू नये. जून १८४४ मध्ये सायलेशियातील, म्हणजे तेव्हाच्या प्रशिया या जर्मन राज्याच्या एका प्रांतातील, हातमाग विणकरांनी घटत्या मजुरीविरुद्ध उठाव केला आणि सैन्याने तो गोळ्या झाडून मोडला, त्याची ही कथा आहे. सूत व्यापाऱ्याने द्यायचे, कापड विणकराने घरच्या मागावर विणून आणायचे आणि मजुरीचा आकडा पुन्हा व्यापाऱ्यानेच ठरवायचा, ही रीत पैठणला माग पाहिलेल्या माणसाला समजावून सांगावी लागत नाही. गुमास्ता कापडात खोट काढतो, विणकरीण थोडी उचल मागते आणि तिला रिकाम्या हाताने परतावे लागते, हा नाटकाच्या पहिल्या अंकातला व्यवहार तर बीडकडच्या ऊसतोड कामगारांनाही ओळखीचा वाटेल.

हे नाटक मूकपटासाठी निवडणे मात्र धाडसाचेच होते. हाउप्टमान यांनी ते आधी सायलेशियन बोलीत लिहिले होते. त्यांचे आजोबा स्वतः विणकर होते आणि त्या काळाच्या हकिकती त्यांनी वडिलांकडून ऐकल्या होत्या. पाच अंकांत एकच असा नायक नाही. जमावाला बांधून ठेवते ती बोली, आणि ‘ब्लूटगेरिश्ट’ हे विणकरांचे गाणे. (बर्लिनच्या पोलिसांनी नाटकाच्या जाहीर प्रयोगावर बंदी घातली होती, १८९३ चा पहिला प्रयोग त्यामुळे खासगी झाला.) पडद्यावर बोली आणि गाणे दोन्ही ऐकू येणार नव्हती. त्यांची उणीव भरून काढण्यासाठी झेलनिक यांनी मधल्या मजकुराच्या पाट्या चित्रकार गेओर्ग ग्रोस यांच्याकडून करून घेतल्या. ग्रोस यांची अक्षरे नुसती माहिती देत नाहीत, त्यांना संताप चढलेला दिसतो, आणि माझ्या मते या पटाची खरी कमाई तीच आहे.

दंगलीच्या दृश्यांबद्दल मला तितकेसे ममत्व नाही. आदल्याच वर्षी बर्लिनमध्ये गाजलेल्या ‘पोटेमकिन’ या आयझेनस्टाइन यांच्या सोव्हिएत मूकपटाची छाया त्यांवर स्पष्ट आहे, आणि तोडफोड पाहताना भुकेची आठवण मागे पडते. पाउल वेगेनर यांचा कारखानदार ड्रायसिगर मात्र नुसता खलपुरुष होत नाही. आपण या लोकांना पोसतो, अशी त्याची मनापासून समजूत आहे, आणि म्हणूनच विणकर दारात आल्यावर त्याचा आधी गोंधळ उडतो, भीती नंतर येते.