सोळा नंबरची सुई

आजारी माणसाला भेटायला जायचं तर शहाळं न्यायचं, ही आपली रीत. माझं डायलिसिस सुरू झालं तेव्हा आमच्या ओट्यावर शहाळ्यांची रांग लागली होती. कराडात शनिवार पेठेत माझं ब्लाऊज शिवायचं दुकान आहे. येणाऱ्या सगळ्या माझ्या गिऱ्हाईक बायका, आणि प्रत्येकीनं मायेनं आणलेलं. मला मात्र त्यातलं एकही चालत नव्हतं. शहाळ्यात पोटॅशियम भरपूर. किडन्या धड असतील तर जास्तीचं लघवीवाटे जातं, आमच्यासारख्यांच्या रक्तात ते साठतं आणि वाढलं की थेट हृदयाच्या ठोक्यांवर उठतं. मग ती शहाळी आत्यांनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, आणि पोरांनी संपवली. त्या काळात आत्यांची तब्येत एकदम झकास होती.

शहाळ्याबरोबर प्रत्येकीनं एक वाक्यही आणलं होतं. ‘तू लई धीराची हायेस गं.’ मला ते ऐकून आतून राग यायचा. धीर कुठला? रात्री तीनला जाग यायची आणि पोरांच्या शाळेच्या फीपासून माझ्या तेराव्यापर्यंत सगळं डोळ्यांपुढून जायचं. ह्यांना उठवायची नाही, कारण सकाळी सहाला त्यांना शाळेची व्हॅन काढायची असते. उताणी पडून पंखा बघत बसायचं. धीराची बाई असं करते होय?

सगळ्यात जास्त भीती सुईची होती. आयुष्य सुईवर काढलेली बाई मी, हसण्यासारखंच आहे. डायलिसिसला दर खेपेला दोन सुया लागतात. एकीतून रक्त बाहेर जातं, मशीनमध्ये धुतलं जातं आणि दुसरीतून परत येतं. मला सोळा नंबरची सुई लावतात. सोळा नंबर ऐकून मला बरं वाटलं होतं, कारण शिलाई मशीनची सोळा नंबरची सुई रोज बघतो आपण, जीन्स नाहीतर जाड कापडाला लावतात. ब्लाऊजला अकरा नाहीतर चौदा. पण तिकडचं गणित उलटं. आमच्यात आकडा वाढला की सुई जाड, त्यांच्यात आकडा वाढला की बारीक. आणि त्यांची सोळा आमच्या सोळापेक्षा चांगलीच जाड. पहिल्यांदा ती उघडलेली बघितली आणि खुर्चीतून उठून जावंसं वाटलं.

युनिटमधल्या टेक्निशियन दादाला मी विचारलं, एवढी जाड कशाला? त्यानं हातातलं काम थांबवून नीट सांगितलं. मशीन मिनिटाला अडीचशे-तीनशे मिली रक्त ओढतं, बारीक सुईतून तेवढं येणारच नाही. साध्या शिरेतूनही येत नाही, म्हणून आधी हाताचं छोटं ऑपरेशन करून धमनी आणि शीर एकमेकींना जोडतात. त्याला फिस्टुला म्हणतात. जोडलेली शीर फुगून जाड व्हायला दीड-दोन महिने, कधी जास्तही लागतात. तोवर रबरी चेंडू दाबत बसायचं. माझा फिस्टुला डाव्या हाताला आहे, कारण कात्री उजव्या हातात चालते. त्या हातानं जड उचलायचं नाही, त्यावर बीपी घ्यायचं नाही, घट्ट बांगडी नाही. पाटल्या म्हणून आता एकाच हातात. मनगटावर बोटं ठेवली की शेजारच्या खोलीत शिलाई मशीन चालू असल्यासारखी घरघर लागते. ती लागली म्हणजे हात चालू आहे. रोज उठल्या उठल्या मी आधी ती बघते, मग देवाला हात जोडते.

तर सांगायचं काय, दादानं हे सांगितल्यावर सुई दुखायची थांबली नाही, आजही दुखते. पण ती का दुखते ते मला कळलं. मग मी प्रत्येक गोष्ट विचारायला लागले. हेपॅरिन कशाला? नळ्यांत रक्त गोठू नये म्हणून. पोटऱ्यांत गोळे का येतात? एका वेळी जास्त पाणी काढलं, बीपी पडलं, की येतात. ‘पॉझिटिव्ह राहा’ सांगणाऱ्या शंभर जणांपेक्षा हा एक पोरगा मला जास्त उपयोगी पडला, असं माझं स्पष्ट मत आहे.

पाण्याचा हिशेब तर मापाच्या टेपसारखा अंगात मुरलाय. लघवी जवळजवळ बंद, म्हणजे प्यालेलं सगळं अंगातच राहतं. सकाळी एक बाटली भरायची, तेवढंच दिवसभराचं, आणि चहा, आमटी, ताक सगळं त्यातच. कपभर चहा घेतला की बाटलीतलं कपभर पाणी मी कुंडीत ओतते. माझी तुळस त्यावर चांगली पोसलीय. गंमत म्हणजे मला दिवसाला लिटरभरसुद्धा मिळत नाही आणि चार तासांत माझं रक्त धुवायला मशीनला जवळजवळ सव्वाशे लिटर शुद्ध पाणी लागतं.

भाज्यांचं दुसरंच तंत्र. पोटॅशियम उतरावं म्हणून बटाटा चिरून पाण्यात भिजत घालायचा, उकळायचा, पाणी फेकायचं, मग फोडणी. चव निम्मी जाते. एकादशी मी सोडली, कारण साबुदाण्याच्या खिचडीतला बटाटा-शेंगदाणा आणि वर रताळं, सगळंच मला जड. आत्यांनी त्यावरही तोड काढली. ‘तुझी एकादशी मी करते, तू माझी भाकरी खा.’ (माझं बघून कुणी आहार ठरवू नका. प्रत्येकाचे रिपोर्ट वेगळे, आपल्या डॉक्टरांना विचारा.)

सोमवार, बुधवार, शुक्रवार माझा नंबर. शुक्रवारनंतर थेट सोमवार, हा मोठा गॅप. तोवर अंगात पाणी साठतं, आडवं पडलं की दम लागतो, म्हणून रविवारी रात्री दोन उशा घेऊन झोपते, श्वासाकडे लक्ष असतं. नेमकी सगळी लग्नं रविवारी असतात आणि तिथे मठ्ठ्याचा आग्रह होतो. आग्रह करणाऱ्याला समजावत बसण्यापेक्षा पेला हातात धरून फिरायचं. कुणी विचारत नाही.

माझ्या शेजारच्या खुर्चीवर एसटीतून रिटायर झालेले ड्रायव्हरकाका असतात. मशीनचा अलार्म वाजला की ‘डबल बेल झाली, हाणा गाडी’ म्हणतात. डायलिसिसचं मशीन कुणी शोधलं तेही त्यांच्यामुळेच वाचलं मी. नेदरलँड्समध्ये विलेम कोल्फ नावाचे डॉक्टर होते. दुसरं महायुद्ध चालू, देश जर्मनांच्या ताब्यात, सामान मिळेना. त्यांनी सॉसेजच्या आवरणासाठी वापरायची सेलोफेनची नळी लाकडी पिंपावर गुंडाळून १९४३ साली पहिलं मशीन चालवलं. सुरुवातीचे पेशंट एकामागून एक गेले. १९४५ मध्ये सदुसष्ट वर्षांची एक बाई शुद्धीवर आली आणि पुढे सात वर्षं जगली. मला कोल्फपेक्षा तिच्या आधी त्या पिंपाशेजारी झोपलेल्यांचं जास्त वाटतं. त्यांना ‘याने बरं होतं’ असं सांगायला शेजारच्या खुर्चीवर कुणीच नव्हतं.

मागच्या महिन्यात आमच्या शिफ्टला कॉलेजातली एक पोरगी आली. हात झाकून बसली होती. मला हळूच म्हणाली, ‘काकू, दुखतं का हो?’ दुखतं म्हटलं. खोटं बोलून फायदा नसतो, दोन मिनिटांत कळतंच. बधिर करायचं मलम मागून घे, सुई जाताना श्वास सोड, आणि दादाला विचार काय काय करतोस ते, तो चिडत नाही. मग माझा फिस्टुला दाखवला. तिनं बोट ठेवून घरघर बघितली आणि ‘ईऽऽ’ केलं. काका खो खो हसले.

किडनी मिळायच्या यादीत नाव आहे. येईल तेव्हा येईल. ह्यांचं जुळलं नाही, भावाला शुगर आहे. तो विषय तेवढाच.

गौरीचे ब्लाऊज यंदाही घेतेय. सोम, बुध, शुक्र दुकान दुपारी चारनंतर उघडेल, बाकी दिवशी नेहमीसारखं. मापाला बसणारा जुना ब्लाऊज आणा, अस्तर आधी पाण्यातून काढून आणा. आणि आरी वर्क, लटकन असलं काही हवं असेल तर श्रावण लागायच्या आत या, नंतर मी नाही म्हणणार आहे.