पानगळीत रालामंडल: सालीवरून झाडं ओळखताना

रविवारी मी, मावशी आणि तिचा नातू असे तिघं इंदूरजवळच्या रालामंडल अभयारण्यात जाऊन आलो. होळीच्या आधीचे दिवस, जंगल नुसतं खराट्यासारखं झालंय, त्यामुळे लोक म्हणतात आता तिकडे काय बघायचं, पण मला हेच दिवस हवे होते कारण पानं नसली की नजर आपोआप खोडावर जाते.

वर होळकरांच्या शिकारगाहपर्यंत, म्हणजे त्यांच्या शिकारीच्या जुन्या बंगल्यापर्यंत, चढत जा आणि सुरुवातीला फक्त साग बघा. करडी-तपकिरी साल, उभ्या उथळ भेगा, हाताला जरा तंतूतंतूची. तो एकदा डोळ्यात बसला की जे साग नाही ते लगेच वेगळं दिसायला लागतं.

मग साज, म्हणजे आपला ऐन. मगरीची पाठच! भेगा इतक्या खोल की पोराची करंगळी अख्खं पेर आत गेली आणि आतून मुंग्यांची रांग बाहेर आली. पुढच्याच झाडाला मी ठामपणे साज म्हणून मोकळा झालो तर मावशी म्हणाली, "अरे नीट बघ, तेंदू आहे हा, कोळशासारखा काळा." खरंच होतं, सालीचे चौकोन लहान आणि कडक, रंग जळक्या लाकडाचा, साज त्यापेक्षा राखाडी. अशी शंका आली तर खाली पडलेली पानं उलटी करून बघा, साजाच्या पानाला मागून देठाजवळ मधल्या शिरेवर दोन बारीक गाठी असतात. पण एका पानावर जाऊ नका हं, वाऱ्याने शेजारच्याची पानं येतात, चार-पाच तरी उचला.

साल सोलणाऱ्या झाडांतही गोंधळ होतो. नीलगिरीच्या लांब लांब पट्ट्या लोंबतात, अर्जुनाचे पसरट पापुद्रे निघतात आणि खाली फिकट गुलाबी-हिरवट डाग दिसतात. पळस तर फुलांवरूनच कळतो, तरी खोड बघाच, जखम झालेल्या जागी लाल डिंक सुकलेला असतो.

आणि एकाच उंचीवर बघून ठरवू नका. बुंधा, छातीची उंची, वरची फांदी, तिन्ही बघा. लहान झाडाची साल मोठ्यासारखी नसते, काटेसावरीचे ते शंकूसारखे काटे जुन्या खोडावर बऱ्याचदा गेलेले असतात.

सकाळी लवकर निघा, सावली अजिबात नाही, पाणी भरपूर घ्या. बिबट्याचा वावर आहे, तेव्हा वाट सोडू नका, झाड लांब असेल तर दुर्बीण लावा. साल नखाने उचकटू नका, प्लीज, झाडाची ती कातडी आहे. त्यापेक्षा पातळ कागद आणि मेणाचे खडू न्या, कागद सालीवर धरून खडू आडवा घासला की ठसा उमटतो. साज आणि तेंदूचे ठसे शेजारी ठेवल्यावर मला जो फरक कळला तो पोराने मावशीच्याही आधी बोट ठेवून दाखवला.