१९९८च्या पुस्तकाचा फॉन्ट सोडवताना

वडिलांनी जमवलेल्या जात्यावरच्या ओव्यांचं पुस्तक १९९८ साली गावच्या प्रेसमध्ये पेजमेकर या पानं लावायच्या सॉफ्टवेअरवर लागलं होतं. यंदा दुसरी आवृत्ती काढायला सीडी उघडली, तर पानभर इंग्रजी अक्षरांची खिचडी. फॉन्टच नव्हता.

तेव्हाचे मराठी फॉन्ट आठ बिटांचे. जास्तीत जास्त २५६ घरं, त्यांतच काना, मात्रा, अर्धी अक्षरं, रफार बसवायचे. कुठल्या घरात काय, हे प्रत्येक कंपनीचं निराळं. युनिकोड, म्हणजे प्रत्येक अक्षराला सगळीकडे एकच क्रमांक देणारी पद्धत, १९९१ पासून होतं, पण विंडोजवर ते मराठीत उमटायला विंडोज २००० आणि मंगल फॉन्ट यावा लागला.

आमचा फॉन्ट ज्या संचातला, त्याचा कन्व्हर्टर, म्हणजे जुना मजकूर युनिकोडमध्ये बदलणारा प्रोग्राम, त्याच कंपनीच्या नव्या आवृत्तीत मिळतो. फोन केला. म्हणाले, जुन्या लॉकचा नंबर द्या. लॉक म्हणजे प्रिंटरच्या पोर्टला लावायचा काडेपेटीएवढा डबा, तो नसेल तर सॉफ्टवेअर उघडतच नसे. प्रेस बंद होऊन वर्षं झालेली. मालकांच्या मुलाने माळ्यावरून खिळ्यांचा डबा काढला, त्यात लॉक सापडलं. नंबर पुसट, टॉर्च तिरका धरून एकेक आकडा वाचला. कळवला, तर मूळ बिल हवं. बिल मिळालं, तर ते प्रेसच्या नावावर, म्हणून प्रेसचं पत्र हवं. पत्र दिलं, तर संबंधित माणूस रजेवर. दोन महिने गेले! पैसे मोजून घेतलेल्या अक्षरांसाठी इतक्या विनवण्या कराव्या लागाव्यात, याचा राग अजून गेलेला नाही.

शेवटी एका डीटीपीवाल्या ताईंनी फॉन्टचं नाव विचारलं आणि फुकटच्या कन्व्हर्टरवर सगळा मजकूर सकाळभरात युनिकोडमध्ये आणून दिला. तुम्ही आधी हेच शोधा. आणि हो, पेजमेकरची फाइल इनडिझाइन या त्याच्या नंतरच्या सॉफ्टवेअरच्या सीएस६ पर्यंतच्या आवृत्तीतच उघडते, तेव्हा जुनी आवृत्ती असलेला कुणीतरी गाठून ठेवा.

छापील प्रत शेजारी ठेवून वाचल्याशिवाय मात्र सोडू नका. जुन्या फॉन्टात पहिली वेलांटी अक्षराआधी आणि रफार अक्षरानंतर टाइप व्हायचा. कन्व्हर्टर तिथेच चुकतो. ‘सूर्य’ बरोबर आला, पण ‘दुसऱ्या’चं सगळीकडे ‘दुसर्या’ झालं होतं. इनडिझाइनमध्ये जोडाक्षरं फुटली, तर त्यातली वर्ल्ड-रेडी कंपोझर ही अक्षरं नीट जुळवणारी सोय चालू करा.

पुस्तक छपाईला गेलं. लॉक पुसून प्रेसवाल्यांच्या मुलाला परत दिलं.