न खाणाऱ्या माशासाठी आमिषं

सॅल्मन समुद्रातून नदीत शिरला की खाणं सोडतो. त्याचं पोट आक्रसतं आणि अंडी घालायची वेळ येईपर्यंत, कधीकधी कित्येक महिने, तो अंगातल्या चरबीवर तगून राहतो. स्कॉटलंडात राहायला आल्यावर हे मला कळलं, तेव्हा डोक्यात आलेला प्रश्न अगदी चिपळूणकराचा होता: मग ही माणसं गरीला लावतात तरी काय?

आमच्याकडे गरवायला जायचं तर गांडूळ शोधायचं नाहीतर चार कोळंब्या घ्यायच्या. माशाला भूक, आपल्याकडे खाऊ, सरळ व्यवहार. इथे समोरच्याला भूकच नाही, तरी तो मधूनच तोंड उघडतो. चिडून, जुन्या सवयीने, की आपल्या जागेत कोणी घुसलं म्हणून? पबमध्ये बसलं की दर टेबलावर वेगळा सिद्धांत ऐकायला मिळतो. खात्री कुणालाच नसल्यामुळे गेल्या दीडदोनशे वर्षांत ज्याला जे सुचलं ते त्याने करून पाहिलं. पितळ, लाकूड, रेशीम, शिंग, शिंपला, कासवाची पाठ आणि जगभरच्या पक्ष्यांची पिसं. ती जुनी आमिषं आज लोक हौसेने जमवतात, काचेच्या चौकटीत लावतात, लिलावात त्यांच्यासाठी चढाओढ करतात. माझं मत असं झालंय की ही आमिषं सुरुवातीपासूनच माशांपेक्षा माणसांसाठी होती.

मी राहते ते पर्थ शहर टे नदीच्या काठावर आहे. टे ही स्कॉटलंडमधली सर्वांत लांब नदी, साधारण १९० किलोमीटरची. सॅल्मनचा हंगाम इथे १५ जानेवारीला उघडतो. वरच्या अंगाला केनमोर गावात त्या दिवशी बॅगपाइप वाजवत मिरवणूक निघते आणि नावेवर व्हिस्की ओतून मुहूर्त होतो. नारळी पौर्णिमा पाहिलेल्या माणसाला यात नवल वाटायचं कारण नाही. नवल पुढे आहे: त्यानंतर लोक हाडं गोठवणाऱ्या पाण्यात कमरेपर्यंत उभे राहतात, आणि त्यासाठी पैसे मोजतात. सॅल्मन धरण्याचा हक्क ही इथे जमिनीपासून वेगळी, वारशाने चालत येणारी मालमत्ता आहे. नदी दिसली म्हणून गरी टाकली असं चालत नाही. चांगल्या जागी एका दिवसाला शेकडो पौंड पडतात. रविवारी तर कायद्यानेच बंदी.

आमच्या गल्लीत एक निवृत्त घिली राहतात. घिली म्हणजे नदीवरचा माहीतगार माणूस: पाहुण्यांना मासा कुठे बसलाय ते सांगणारा, नाव वल्हवणारा, जाळी धरणारा, आणि साहेबाच्या हातून मासा सुटला तर दोष वाऱ्याला देणारा. त्यांच्याकडे आमिषांच्या पेट्या आहेत. काळ्या लाखेच्या पत्र्याच्या जुन्या पेट्या, शिवाय अॅल्युमिनियमच्या, आत प्रत्येक फ्लायला, म्हणजे गळावर पिसं नि दोरे बांधून केलेल्या आमिषाला, स्वतंत्र कप्पा आणि कप्प्याला स्प्रिंगचं झाकण. चहा झाला की एखादी पेटी निघते. माझं सगळं शिक्षण त्या टेबलावरचं.

पहिला धडा डेव्हन मिनोचा. मिनो म्हणजे नदीतला छोटा मासा, आणि हे आमिष त्याची नक्कल. करंगळीएवढा, दोन्हीकडे निमुळता होत जाणारा नळीसारखा तुकडा, डोक्याजवळ दोन तिरपे पंख. पाण्यात ओढलं की पंखांमुळे गरगर फिरतो. यातली खरी अक्कल आतल्या भोकात आहे. दोरीला बांधलेली तार त्या भोकातून आरपार जाते आणि गळ मागच्या टोकाला असतो. मासा लागला की डेव्हनचं अंग तारेवरून वर सरकतं, त्यामुळे माशाला झटका देऊन गळ उसकटायला आधार मिळत नाही. एकोणिसाव्या शतकातले डेव्हन बहुतेक धातूचे. टेवर पुढे लाकडी डेव्हन फार चालले, कारण ते हलके असतात आणि थंड पाण्यात तळाजवळून सावकाश फिरवता येतात. पोटाला पिवळा रंग आणि पाठ काळपट हिरवी, हा इथला लाडका नमुना.

दुसरा फँटम मिनो. हा मला सगळ्यांत जास्त आवडतो. रंगवलेल्या रेशमी कापडाचं पोकळ अंग, त्याला पाणी लागू नये म्हणून लेप, धातूचं डोकं आणि बाजूंना लोंबणारे गळांचे झुबके. चावलं की अंग दबतं, म्हणून माशाला ते मऊ आणि खरं वाटेल असा हिशेब. आता दीडशे वर्षांनी ते रेशीम तडकतं, लेपाचे पोपडे निघतात. धड अवस्थेतला फँटम मिळणं कठीण, म्हणून भाव मोठा.

असली फिरणारी आमिषं दूर फेकायची कशी, हा मोठाच प्रश्न होता. त्या काळच्या रिळावरून हलकं आमिष फेकलं की रीळ वेगाने फिरे आणि दोरीचा गुंता होई. १८८४ मध्ये पर्थच्याच पी. डी. मॅलॉक या दुकानदाराने एका रिळाचं पेटंट घेतलं. फेकताना रीळ काटकोनात वळवायचं, म्हणजे ते फिरतच नाही, दोरी कडेवरून वेटोळी सुटत जाते. मग परत सरळ करून गुंडाळायचं. मॅलॉक सॅल्मनचा अभ्यासकही होता. पितळेचं मॅलॉक रीळ आजही इथल्या लिलावात दिसतं आणि हाताळताना त्याचं वळणं इतकं साधं वाटतं की हे आधी कुणालाच कसं सुचलं नाही असं होतं.

टेवर फेकण्याची गरजच नसलेली एक पद्धतही आहे, हार्लिंग. नाव प्रवाहात या काठावरून त्या काठावर तिरपी नेत हळूहळू खाली सोडायची, मागे दोनतीन दोऱ्यांना आमिषं. सगळं कौशल्य वल्ह्यावरच्या माणसाचं. पाहुणा नुसता बसतो. मला ही पद्धत ऐकताना कंटाळवाणी वाटली होती, पण ब्रिटनमध्ये रॉडवर धरलेला सर्वांत मोठा सॅल्मन याच पद्धतीने लागला.

तारीख ७ ऑक्टोबर १९२२, जागा कॅप्युथ गावाजवळची ग्लेनडेल्व्हाइन. नावेत जॉर्जिना बॅलंटाइन आणि वल्ह्यावर तिचे वडील जेम्स. एका दोरीला फ्लाय, दुसरीला डेस नावाचं आमिष. संध्याकाळ होत आली असताना डेसला ओढ बसली. मासा प्रवाहाबरोबर खाली पळत सुटला, मागोमाग हे दोघं, आणि सुमारे दोन तासांनी, अंधारात, तो नावेत आला. वजन ६४ पौंड, म्हणजे २९ किलो. शंभर वर्षं उलटली तरी रॉडवर धरलेल्या सॅल्मनचा ब्रिटनमधला विक्रम अजून तिच्याच नावावर आहे. मॅलॉककडे त्याचा साचा घेतला गेला, दुकानाच्या काचेत मांडला, आणि बघणाऱ्या बुवांना एका बाईने हा मासा काढला यावर विश्वास बसेना. ती तिथेच मागे उभी राहून ऐकत होती, असं तिनेच पुढे सांगितलं आहे. पर्थच्या संग्रहालयाकडे त्या माशाची प्रतिकृती आहे. आता गंमत बघा: डेस म्हणजे कारागिराने घडवलेलं काही नव्हे, तो फिरत्या गळावर बसवलेला एक छोटा मेलेला मासा. पितळ, रेशीम आणि पिसं यांच्या एवढ्या थाटामाटात विक्रम केला तो मेलेल्या माशाने. संग्राहकांना मी हे मुद्दाम ऐकवते. त्यांना ते माहीत असतं, पण आवडत नाही.

आता पिसं. या पेट्या बघताना मी खरी अडकले ती इथे.

जुन्या स्कॉटिश फ्लाय साध्या असत. तपकिरी, करड्या, बगळ्याच्या नि टर्कीच्या पिसांच्या. एकोणिसाव्या शतकात आयर्लंडमधून भडक फ्लाय बनवण्याची पद्धत आली आणि मग स्पर्धाच लागली. साम्राज्याची जहाजं जिथे जिथे जात तिथून पक्षी येत होते. बायकांच्या टोप्यांसाठी येत, त्यातले काही गळाला जात. ‘जॉक स्कॉट’ ही सर्वांत प्रसिद्ध फ्लाय. १८५० च्या सुमाराची, तिच्याच नावाच्या एका घिलीने बनवलेली. तिच्या पूर्ण कृतीत सोनेरी फेझंट, टूकन, शहामृग, गिनी फाउल, टर्की, बस्टर्ड, फ्लोरिकन, मोर, मकाव अशी यादीच आहे, आणि दोन्ही बाजूंना एकेक छोटं पीस, काळ्या-करड्या रंगावर पिवळसर पांढरा चकचकीत ठिपका असलेलं. हात लावला तर ठिपका गुळगुळीत, मेणचट, पीस वाटतच नाही. ‘हे जंगल कॉक, तुमच्याकडचं,’ घिली म्हणाले.

तो आपला राखी रानकोंबडा. आंबोली, कोयना, महाबळेश्वरच्या रानात पहाटे ओरडतो तो. भारतीय द्वीपकल्पाबाहेर तो रानात कुठेच सापडत नाही. त्याच्या मानेवरच्या पिसांच्या टोकाला हे ठिपके असतात, आणि इथल्या लोकांनी ठरवलं की सॅल्मनला त्यात छोट्या माशाचा डोळा दिसतो. सॅल्मनला काय दिसतं कोण जाणे, पण त्यानंतर शेकडो प्रकारच्या फ्लायना हा डोळा बसला. घाटावरच्या कुठल्यातरी फासेपारध्याने किंवा साहेबाच्या बंदुकीने पाडलेला कोंबडा, त्याची मान टेच्या पाण्यात. मला त्यात अभिमान वाटावा असं काही सापडलं नाही, पण ती पेटी तेव्हापासून परक्याची वाटत नाही हेही खरं.

हा व्यापार बंद पडायला वेळ लागला. पिसांविरुद्ध ब्रिटनमध्ये बायकांनी चळवळ उभारली, १८८९ मध्ये पक्षी वाचवणारी संस्था काढली. भारतातून पिसं बाहेर पाठवायला १९०२ मध्ये बंदी आली, ब्रिटनमध्ये पिसांच्या आयातीवर १९२१ मध्ये. आता फ्लाय बांधणाऱ्यांना पाळलेल्या कोंबड्यांची पिसं मिळतात, आणि बरेच जण रंगवलेल्या साध्या पिसांवर भागवतात. सगळेच नाही. २००९ मध्ये लंडनजवळच्या ट्रिंगमधल्या निसर्गविज्ञान संग्रहालयातून २९९ पक्ष्यांची कातडी चोरीला गेली. चोर निघाला संगीत शिकणारा एक तरुण बासरीवादक, जुन्या पद्धतीच्या फ्लाय बांधण्यात तरबेज. विशेष म्हणजे या हौशी कारागिरांपैकी अनेकांनी आयुष्यात कधी सॅल्मन धरलेला नसतो. त्यांची फ्लाय पाण्यात जातच नाही.

मग जुनी वस्तू ओळखायची कशी? फ्लायसाठी गळाचा माथा बघायचा. १८८० च्या आधीच्या सॅल्मन गळांना सहसा धातूचं भोक नसे. रेशमाच्या किड्यापासून काढलेल्या चिवट तंतूचा फास दोऱ्याने घट्ट बांधलेला असे. तो वाळला की काचेसारखा मोडतो, म्हणून असली फ्लाय कुणी दाखवायला उचलली तर तिला गळाच्या दांडीला धरा, फासाला नाही. डेव्हनवर कारखान्याचा ठसा शोधायचा: अल्निकचे हार्डी, सुया आणि गळांसाठी प्रसिद्ध असलेल्या रेडिचचे ऑलकॉक, नाहीतर आपले पर्थचे मॅलॉक. रंग एकसारखा ताजा दिसला तर संशय घ्यायचा. नव्या लाकडाला जुना रंग देणारे हुशार लोक इथेही आहेत.

पिसांचा मोठा शत्रू कसर. एक अळी पेटीत शिरली की महिन्याभरात जॉक स्कॉटचा नुसता गळ उरतो. काही जण नवी खरेदी आधी पिशवीत बांधून फ्रीझरमध्ये ठेवतात. जुन्या पेट्या उघडल्या की मात्र थेट आजीच्या ट्रंकेचा वास येतो, कारण इथेही डांबराच्या गोळ्याच.

संग्राहकांत दोन पंथ आहेत. एकाला डबीतून कधी बाहेर न निघालेली वस्तू हवी, लेबलासकट. त्याचीच किंमत सर्वांत जास्त. दुसऱ्याला पाण्यात राबलेली वस्तू हवी: रंग उडालेला, दातांचे ओरखडे असलेला डेव्हन. मी दुसऱ्या पंथाची, आणि ते काही केवळ तत्त्व नाही, स्वस्तही पडतं. एकदा घिलींना विचारलं, इतक्या सुंदर फ्लाय तुम्ही खरंच वापरायचात का? ते म्हणाले, पेट्या दोन असत. एक पाहुण्याला दाखवायची, एक मासे धरायची. दाखवायची पेटी जड होती.

आता मासेच कमी झालेत. २०२३ च्या शेवटी ब्रिटनमधला सॅल्मन धोक्यात असलेल्या प्रजातींच्या जागतिक यादीत गेला. धरलेले बहुतेक मासे पुन्हा नदीत सोडले जातात, त्यामुळे तीन टोकांचे, काटेदार गळ लावलेले जुने डेव्हन तसेही वापरण्याजोगे राहिले नाहीत. पाण्यातून ते चौकटीत गेले यात मला काही वाईट दिसत नाही.

भारतात येताना अशी एखादी वस्तू आणायची असेल तर एक सांगून ठेवते. पीस असलेली फ्लाय, कितीही जुनी असली तरी, सामानात टाकू नका. आपल्याकडचा १९७२ चा वन्यजीव कायदा कडक आहे आणि विमानतळावरच्या माणसाला ती फ्लाय कोणत्या साली बांधली ते पटवून देणं तुमच्या हातात नाही. पितळेचा डेव्हन चालेल. तोही हातातल्या बॅगेत नको, चेक-इनमध्ये, आणि गळ आधी काढून.