मोर्चा म्हणजे मार्च नाही हो!

खरं सांगतो, मोर्चा हा शब्द इंग्रजीतल्या मार्चवरून आलाय असं मी कित्येक वर्षं धरून चाललो होतो. लोक चालतात, घोषणा देतात, उच्चारही जवळचा, मग शंका कशाला येणार? खटकलं ते मोर्चेबांधणी या शब्दामुळे. निवडणूक आली की रोज पेपरात असतो, अमक्याची उमेदवारीसाठी मोर्चेबांधणी. आता मोर्चा काढतात, नेतात, अडवतात, पण बांधतात कसा?

तर हा शब्द फारसीतला, मूळ मोरचाल. मूर म्हणजे मुंगी आणि चाल म्हणजे खड्डा, म्हणजे मुंगीचं बीळ! किल्ल्याला वेढा घातला की वरून तोफा-बंदुकांचा मारा सुरू असतो, उघड्यावर उभं राहायची सोय नाही, मग सैनिक चर खणायचे, खणलेली माती पुढे रचून आडोसा करायचे आणि मागे तोफा मांडायचे. हा झाला मोर्चा. प्रत्येक सरदाराला आपापला मोर्चा नेमून दिलेला असायचा आणि तो हळूहळू तटाच्या दिशेने पुढे सरकवायचा. मुंग्यांसारखंच काम, चिकाटीचं आणि मातीतलं.

१६६५ चा पुरंदरचा वेढा घ्या. मिर्झाराजे जयसिंग आणि दिलेरखानाने आधी शेजारचा वज्रगड घेतला, तिथून पुरंदरवर तोफा चालवल्या, मोर्चे माचीला भिडवले, शिवाय बुरुजासमोर लाकडी दमदमा उभारला. दमदमा म्हणजे तोफा चढवायला केलेला उंचवटा, कोलकात्याजवळच्या दमदमचं नाव यावरूनच पडलं असं म्हणतात आणि तिथल्या कारखान्यावरून दमदम गोळी. बघा, कुठून कुठे गेलो! मुरारबाजी पडले ते याच वेढ्यात आणि पुढे तहात २३ किल्ले गेले. पुरंदरवर उभं राहून समोरचा वज्रगड बघितला ना की तो इतका जवळ दिसतो की पोटात कसंतरी होतं.

हिंदीत या शब्दाचा लढाईशी संबंध टिकला. तिकडे मोर्चा म्हणजे आघाडी, १९९६ चं संयुक्त मोर्चाचं सरकार आठवतंय का? (हिंदीत मोरचा म्हणजे गंज पण, आणि जंग म्हणजे युद्ध आणि गंज दोन्ही, काय योगायोग आहे!) आपल्याकडे मात्र आघाडी वेगळी आणि मोर्चा थेट रस्त्यावर. बायकांचा लाटणे मोर्चा, हंडा मोर्चा, २०१६ चे मराठा समाजाचे मूक मोर्चे. पण २०१८ मध्ये शेतकरी नाशिकहून मुंबईपर्यंत चालत आले त्याला सगळे लाँग मार्चच म्हणाले, तिथे खराखुरा इंग्रजी मार्च आला! म्हणजे मोर्चा हा मातीच्या आडोशाला दबून बसण्याचा शब्द, तोच आपण चालायला लावला. मला तर हे भारी वाटतं, भाषा बिघडली वगैरे अजिबात नाही.

आणि तोफा अजून पूर्ण गेलेल्या नाहीत. "मोर्चा वळवला" म्हणतो ना आपण? ते तोफांची तोंडं वळवणंच आहे असं माझं आपलं मत. आमच्याकडे दर रविवारी आई आधी बाबांना पसारा आवरण्यावरून झापते, ते शांतपणे पेपर तोंडासमोर धरतात, म्हणजे तट मजबूत, मग मोर्चा माझ्याकडे वळतो आणि माझ्याकडे साधा आडोसाही नसतो.